मानाची डिस्क

म्हसवडच्या सिद्धनाथाचा रथ निघतो तेव्हा सोनं गाळण्याच्या धंद्यातली गलाईवाली माणसं देशाच्या कुठल्याकुठल्या कोपऱ्यांतून घरी येतात. रथावर उधळायला खोबरं आणि गुलाल सगळ्यांच्याच पिशवीत असतो. पण त्यांतल्या काहींच्या पिशवीत अलीकडे आणखी एक वस्तू असे. टॉवेलात गुंडाळलेली, बाळासारखी जपून आणलेली कॉम्प्युटरची हार्ड डिस्क.

ही माणसं मूळची माण-खानापूर-आटपाडीकडची. आता कोणाचं सोनं गाळायचं दुकान केरळात, कोणाचं बिहारात, कोणाचं आसामात. सोन्याचा टंच, म्हणजे त्यात शुद्ध सोनं किती आणि भेसळ किती, हे पडद्यावर दाखवणारी मशिनं त्यांनी एका वर्षी मिळून एकाच कंपनीकडून घेतली होती. पुढे ती कंपनी बंद पडली. मशिनं ठणठणीत राहिली, पण त्यांना चालवणारा प्रोग्रॅम फक्त जुन्या विंडोज एक्सपीवर चाले. नव्या कॉम्प्युटरवर तो डोळेसुद्धा उघडत नसे. आणि जुने कॉम्प्युटर तर म्हाताऱ्या माणसांसारखे एकेक करून चालले होते.

नवं मशीन घेणं फार थोड्यांना झेपण्यासारखं होतं. तेव्हा विट्याजवळच्या एका गावच्या हरिबाने गट बांधला. लहानपणी मेंढरांमागे हिंडलेला, पुढे या धंद्यात मोठा झालेला आणि भावकीतल्या कितीतरी पोरांना दुकानं लावून दिलेला हा माणूस. त्याने ठरवून दिलं की कोणी काही टाकायचं नाही. बंद पडलेल्या सायबर कॅफेतून, शाळांच्या अडगळीतून, सांगलीच्या भंगारवाल्यांकडून जुने भाग गोळा करायचे. मशीनच्या कॉम्प्युटरला इंटरनेट दाखवायचं नाही, त्याची वायर जोडायची जागा चिकटपट्टीने बुजवून टाकायची. आणि वर्षातून एकदा, रथाच्या दिवसांत, म्हसवडला एका पत्र्याच्या शेडात बसून सगळ्यांच्या डिस्का तपासायच्या. दुबळ्या झालेल्या डिस्कवर धडक्या डिस्कची नक्कल करायची.

हे काम करणारे होते चिंतामणराव. सांगलीच्या गावभागात त्यांचा एके काळी कॉम्प्युटरचा क्लास होता. तो बंद पडला तरी एक्सपीची पुस्तकं, सीड्या, वायरी यांतलं त्यांनी काहीच टाकलं नव्हतं. त्यांच्या पत्नी अनसूयाबाई म्हणत, घरात माणसाला बसायला जागा नाही, पण मेलेल्या कॉम्प्युटरांना आहे. चार माणसांत बोलायची वेळ आली की चिंतामणराव मागे सरकून उभे राहत. पण त्या शेडात कोणी बोलायला लावत नसे. माणसं डिस्क पुढे ठेवत, पाया पडल्यासारखं वाकत आणि "सर, एवढं बगा" म्हणत. आयुष्यात इतका मान त्यांना दुसरीकडे कुठे मिळाला नव्हता.

त्या वर्षी त्यांच्याजवळची मूळ डिस्क, जिच्यावरून सगळ्या नकला व्हायच्या, ती शेडातच टकटक करायला लागली आणि गप्प झाली. माणसं हवालदिल झाली. मग हरिबा म्हणाला, आमच्या राजवर्धनची घ्या. राजवर्धन हा त्याचा मुलगा. सांगलीला शिकायला होता तेव्हा चिंतामणरावांच्याच क्लासला आलेला, हुशार पोरगा. त्याची डिस्क सगळ्यांत निगुतीने ठेवलेली होती. लोकांनी ती आधी देवळात नेऊन नाथांच्या पायाशी टेकवून आणली, तिला हार घातला आणि मग चिंतामणरावांच्या हातात दिली. "आता ही मानाची डिस्क," नाथाजी नावाचा एक गलाईवाला म्हणाला, आणि सगळे हसले.

प्रोग्रॅममध्ये 'दुरुस्ती' नावाचं एक आतलं पान होतं. मशीन जुनं होऊन चुकायला लागलं तर किती मिळवायचं, किती वजा करायचं ते तिथे भरायची सोय होती. ते पान उघडणारा शब्द कंपनीच्या माणसाने चिंतामणरावांना सांगितलेला. त्यांनी तो आणखी एकालाच सांगितला होता, राजवर्धनला. आपल्यामागे कोणाला तरी ठाऊक असावा म्हणून. नक्कल करण्याआधी ते पान एकदा बघावं असं त्यांच्या मनात आलं. पण बाहेर ढोल वाजत होते, हरिबा शेजारी मांडी घालून बसला होता, आणि गळ्यात हार असलेल्या डिस्कच्या पोटात डोकावणं म्हणजे त्याच्या घरावर संशय घेणं झालं असतं. त्यांनी कंपनीने दिलेला सोन्याचा नमुना मशीनवर ठेवून पाहिला. आकडा बरोबर आला. मग त्यांनी सगळ्यांना, राजवर्धनलाही, नकला करून दिल्या आणि मानाची डिस्क स्वतःजवळ ठेवली.

माघात बातमी आली ती गुंडाची.

गुंडा म्हसवडजवळच्या एका वाडीचा, धोंडुबाईंचा एकुलता एक. उत्तरेकडच्या एका बाजारपेठेत हरिबाच्याच ओळखीने त्याने दुकान टाकलं होतं. तिथल्या सोनारांना त्याच्या मशीनवर टंच कमी दिसायला लागला. तेच सोनं दुसरीकडे तपासलं की जास्त भरे. पहिल्यांदा बाचाबाची झाली. नंतर एका सकाळी दुकानात माणसं शिरली. मशीन रस्त्यावर फोडलं, आणि गुंडालाही. तो इस्पितळात दोन दिवस राहिला आणि गेला. पेटीतून गावी आणला तेव्हा अंत्यविधीला गलाईवाल्यांपैकी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच आले. ज्याने टंचात लबाडी केली त्याच्या दारात हे लोक जात नाहीत. सगळा धंदा शब्दावर चालतो, आणि एकाने शब्द मोडला की परमुलखात सगळ्यांच्याच अंगावर येतं.

दिवस झाल्यावर धोंडुबाई एसटीने सांगलीला आल्या. उंच, वाळलेल्या, डोक्यावरचा पदर दातांत धरून बोलणाऱ्या बाई. फुटलेल्या कॉम्प्युटरमधून कोणीतरी काढून पाठवलेली डिस्क त्यांनी चिंतामणरावांच्या टेबलावर ठेवली.

"सर, मला ह्यातलं काय कळत न्हाई. एवढंच बगून सांगा, माजा ल्योक चोर व्हता का?"

डिस्क शाबूत होती. चिंतामणरावांनी आधी प्रोग्रॅममध्ये नमुन्याचे आकडे घालून पाहिले तर सगळं बरोबर. मग त्यांनी ते आतलं पान उघडलं. तिथे आकडे भरलेले होते. शुद्ध सोन्याला आणि नमुन्याला हात लागणार नाही, पण मोडीच्या, म्हणजे गाळायला आलेल्या जुन्या दागिन्यांचा टंच तेवढा थोडासा, अगदी थोडासा कमी दिसेल आणि मधलं सोनं दुकानदाराच्या पदरात पडेल, असे विचार करून भरलेले आकडे. मशीन म्हातारं झाल्याने असं होत नाही. हे माणसाने केलेलं होतं.

त्यांनी खुर्ची मागे सरकवली. कपाटात मानाची डिस्क होती, हार काढून ठेवलेली. ती जोडली. तेच पान, तेच आकडे. म्हणजे रथाच्या दिवशी त्यांनी स्वतःच्या हातांनी ते आकडे तीस-पस्तीस दुकानांत पोचवले होते.

"तुमचा मुलगा चोर नव्हता," ते म्हणाले. "त्याला ठाऊकसुद्धा नव्हतं."

धोंडुबाई रडल्या नाहीत. त्यांनी विचारलं, हे चार माणसांत कधी सांगणार. चिंतामणराव म्हणाले, आधी हरिबांशी बोलतो. गुंडाची डिस्क त्यांनी धोंडुबाईंना परत दिली आणि नीट ठेवायला सांगितली.

हरिबाने सगळं ऐकून घेतलं. त्याच्या बंगल्याच्या ओट्यावर दोघंच होते. त्याने मुलाची बाजू घेतली नाही, की हे खोटं आहे असंही म्हणाला नाही. चिंतामणरावांना त्यामुळे धीर आला.

"सर, आज ही गोष्ट फुटली तर काय हुईल?" तो म्हणाला. "उद्याच्याला परत्येक बाजारात आमच्या पोरांच्या अंगावर लोक जातील. सगळ्यांच्याच मशीनमदी त्यो आकडा हाय म्हनल्यावर कोन इचारतंय, कुणी घातला? आदी त्यो काढा. समद्यांचा. कुणाला कारन सांगू नका. गुंडाला आता घाई न्हाई. जित्यांना हाय."

ते ऐकायला क्रूर होतं, पण त्यात चूक कुठे आहे ते चिंतामणरावांना सापडेना. हरिबाने पुढे शब्द दिला. सगळी मशिनं साफ झाली की तो स्वतः धोंडुबाईंच्या दारात जाईल आणि सगळ्यांदेखत काय ते सांगेल. राजवर्धनची डिस्क त्याने सगळ्यांत आधी मागवून घेतली. सुरुवात घरापासून, असं तो म्हणाला. चिंतामणरावांना त्याचं कौतुकच वाटलं.

काम सुरू झालं. मानाच्या डिस्कवरचे आकडे पुसून ती साफ केली. पण तसल्या जुन्या, वायरीच्या रुंद पट्टीने जोडायच्या डिस्का आता मिळतात कुठे? शिल्लक होत्या त्यांतल्या काही हातातच मेल्या. म्हणून ठरलं असं की एक साफ डिस्क जाणाऱ्याच्या हाती पाठवायची. तिकडून जुनी परत आली की ती पुसून, तिच्यावर साफ नक्कल करून पुढच्याला. कोणी लग्नाला आला होता, कोणी द्राक्षांच्या हंगामाला तासगावला आला होता, कोणाची बायको माहेरी निघाली होती. त्यांच्या पिशव्यांतून डिस्का गेल्या आणि आल्या. आलेली डिस्क चिंतामणराव त्याच दिवशी पुसत. एका दिवसाचा उशीर म्हणजे कुठल्यातरी बाजारात आणखी एक पोर, हा विचार त्यांना जेवू देत नसे. माणसं नेहमीच्या विश्वासाने डिस्क बदलत होती आणि कारण विचारत नव्हती. जुन्याला जपायचं, काही वाया घालवायचं नाही, ही गटाची सवयच होती. ती त्यांच्याही हाडांत मुरली होती.

शेवटची डिस्क नाथाजी घेऊन आला. त्याच्या पुतण्याची होती. पुतण्याच्या बाजारात कुरबुर सुरू झाली होती, आणि नाथाजी दुपारच्या गाडीनेच परत निघणार होता. द्यायला दुसरी साफ डिस्क नव्हती, आणि मानाची दिली तर पुढच्या नकलांना मूळच उरलं नसतं. सकाळपासून चिंतामणराव भंगारवाल्यांकडे फिरून आले होते. रिकाम्या हाताने परतले आणि टेबलासमोर बसले, तेव्हा कुठे त्यांच्या ध्यानात आलं.

ही पुसली की ते आकडे जगात एकाच ठिकाणी उरणार. गुंडाच्या डिस्कवर.

राजवर्धनची साफ होती. मानाची साफ होती. ज्यांच्याकडे ते आकडे होते त्या सगळ्यांची साफ झाली होती, त्यांच्याच हातांनी. उद्या कोणी तपासायला बसलं तर तीस-पस्तीस जण सच्चे निघतील आणि मेलेला एकटा चोर. त्यांनी मोबाईल उचलला, पडद्याचा फोटो काढावा म्हणून. पण फोटोतला आकडा कोणाच्या डिस्कवरचा, हे फोटो सांगत नाही. आपल्या कॉम्प्युटरवर उतरवून ठेवला तर म्हणतील, म्हाताऱ्याने बसून टंकला. डिस्कच ठेवून घ्यावी तर तिकडे पुतण्याचं दुकान बंद, आणि दुकान बंद ठेवलं की पळून गेला असं बाजार म्हणणार.

त्यांनी नाथाजीला आत बोलावलं. त्याच्या पुतण्याच्या डिस्कवरचं ते पान उघडून दाखवलं. मोडीच्या दागिन्याचा टंच कसा कमी होतो ते समजावलं. हे कुठून आलं तेही सांगितलं. नाथाजी जाणता होता, त्याला दुसऱ्यांदा सांगावं लागलं नाही. तो खाली बसला. गुंडाच्या अंत्यविधीला आपण गेलो नाही, असं म्हणून त्याने डोळ्यांना उपरणं लावलं.

"सर, पुसा तुमी. पोरगं वाचू द्या," तो म्हणाला. "चार मानसांत मी सांगतो, मी माज्या डोळ्यानं बगितलं म्हनून. सिद्धनाथाची आन."

चिंतामणरावांनी डिस्क पुसली.

हरिबा धोंडुबाईंच्या दारात गेला नाही. फोन केला की म्हणे, पुढच्या आठवड्यात. मग फोन त्याची सून स्वप्नाली उचलायला लागली, मामा शेतात गेलेत म्हणून. चैत्रात हरिबाच्या गावची जत्रा आली. गलाईवाले घरी आले, आणि हरिबाच्या अंगणात गटाचं जेवण ठरलं. चिंतामणराव पहाटे निघून म्हसवडला गेले आणि धोंडुबाईंना घेऊन दुपारपर्यंत तिथे पोचले. एसटीत त्यांनी काय बोलायचं ते मनाशी घोकलं होतं. पुन्हा पुन्हा घोकलं होतं.

अंगणात मांडव होता. पंगत बसलेली होती. धोंडुबाईंना बघून बोलणं थांबलं. हरिबाने उठून त्यांना खुर्ची दिली, त्या बसल्या नाहीत. चिंतामणराव बोलायला लागले. घोकलेलं सगळं त्यांनी सांगितलं. पान, आकडे, मानाची डिस्क, राजवर्धनचं नाव. आपण ते पान रथाच्या दिवशी उघडलं नाही, हेही सांगितलं.

राजवर्धन पंगतीत वाढत होता. हातातली बादली त्याने खाली ठेवली. तो चिडला नाही.

"काका, तुम्ही मला शिकवलंय," तो म्हणाला. "माझी डिस्क आता आणतो, मशीनही आतच आहे. सगळ्यांसमोर ते पान उघडा. आकडा निघाला तर मी मान खाली घालीन."

"तुझी मीच साफ केली. सगळ्यांत आधी."

"मग कुणाच्या डिस्कवर आहे तो?"

उत्तर सगळ्यांना ठाऊक होतं. धोंडुबाईंच्या हातातल्या, फडक्यात गुंडाळलेल्या गुंडाच्या डिस्ककडे सगळे बघत होते.

हरिबा शांतपणे म्हणाला, सरांचं वय झालंय, एवढं काम अंगावर घेतलं, चूकभूल होते. त्यांच्याबद्दल कोणी वावगं बोलायचं नाही. गुंडाच्या आईला गट काही कमी पडू देणार नाही. हे तो इतक्या मायेने म्हणाला की दोनचार माना हलल्या.

तेव्हा चिंतामणराव नाथाजीकडे वळले. नाथाजी पंगतीच्या मधोमध बसला होता. पुतण्याचं दुकान ज्या इमारतीत होतं ती हरिबाच्या नावावर होती. चिंतामणरावांना ते ठाऊक होतं, पण त्याचा विचार त्यांनी आजवर केला नव्हता.

"नाथाजी, तुम्ही पाहिलंय," ते म्हणाले.

नाथाजीने भाकरी कुस्करली. कुस्करलेली पुन्हा कुस्करली.

धोंडुबाई पुढे झाल्या. "नाथाजी, तुज्या पुतन्याची पुसली म्हनून त्यो जिता हाय. माज्याची न्हाई पुसली. एवढं तरी म्हन, की तू बगितलंस."

"मला त्यातलं काय कळतंय, वैनी," नाथाजी ताटाकडे बघत म्हणाला. "सरांनी कायतरी दावलं. आकडंच आकडं व्हतं. कशाचं, काय, ते मी न्हाई सांगू शकत."

पंगतीच्या टोकाला कोणीतरी आमटी मागितली, आणि वाढणारा हलला. तेवढ्याने जेवण पुन्हा सुरू झालं. चिंतामणराव आणि धोंडुबाई अंगणातून बाहेर पडले तेव्हा कोणी त्यांना थांबवलं नाही, आणि कोणी जा असंही म्हटलं नाही.

विट्याच्या स्टँडवर दोघं बाकावर बसले. उन्हाने फरशी तापली होती. चिंतामणराव म्हणाले, मी लिहून देईन, वकिलाकडे जाऊ, ते आकडे माझ्याच हातून सगळीकडे गेले आणि माझ्याच हातून पुसले गेले असं सांगेन. धोंडुबाईंचं लक्ष नव्हतं. त्या म्हणाल्या, "तुमी खरं बोललात. पन लय उशिरा बोललात."

मोबाईल वाजला. नाथाजीचं नाव होतं. चिंतामणरावांनी तो वाजू दिला. थांबला, पुन्हा वाजायला लागला.

"कोन हाय?" धोंडुबाईंनी विचारलं.

"नाथाजी."

तिसऱ्यांदा वाजला तेव्हा धोंडुबाई म्हणाल्या, "घ्या. पोरगं हाय तिकडं."

त्यांनी घेतला. नाथाजी मांडवाबद्दल एक शब्द बोलला नाही. त्याचा आवाज पडलेला होता. पुतण्याचा फोन आलाय, पडदा निळा झालाय, मशीन अडकलंय, दारात सोनार उभे आहेत आणि आवाज चढवायला लागलेत, काय करू म्हणून विचारतोय. चिंतामणरावांनी डोळे मिटले. मग म्हणाले, त्याला सांगा, आधी वीज बंद कर. पाठचं झाकण काढ. घाबरू नको म्हणावं.

म्हसवडची गाडी लागली. धोंडुबाईंनी फडक्यातली डिस्क कमरेला खोचली आणि त्या गर्दीतून वाट काढत चढल्या. खिडकीतून त्यांनी मागे पाहिलं नाही. चिंतामणराव फलाटावर उभे राहून, दुसरा कान तळहाताने दाबून, रुंद पट्टी कोणत्या बाजूने बसवायची ते नाथाजीला पुन्हा पुन्हा सांगत राहिले.